तळटीप : मॉरिस ब्लॅकबर्न

* मॉरिस ब्लॅकबर्न (१९१४–१९८८) : क्वेबेकचे संगीतकार. पॅरिसमध्ये नादिया बूलांजे यांच्याकडे शिकले, पण हयात गेली कॅनडाच्या नॅशनल फिल्म बोर्डात. लेखकाने त्यांना एका ओळीत उरकले आहे, म्हणून थोडे विस्ताराने. नॉर्मन मॅकलॅरन यांच्या ‘ब्लिंकिटी ब्लँक’ (१९५५) या लघुपटासाठी त्यांनी पाचऐवजी तीनच रेघांवर स्वरलेखन केले. रेघांवरून कळे ते फक्त सप्तक : वरचे, मधले की खालचे. लय आणि आघात ठरलेले. नेमका सूर वादकाने ऐनवेळी निवडायचा. त्यात मॅकलॅरननी फिल्मच्या ध्वनिपट्टीवर थेट कोरलेले आवाज मिसळले. बोलपटांसाठीही ब्लॅकबर्न लिहीत, ‘जे. ए. मार्तँ फोटोग्राफ’चे (१९७७) संगीत त्यांचेच.