खानदेशातील खाजगी शाळा-शिक्षकांचे सेवासमाप्तीविषयक वाद

शिक्षणसंस्थेने चालविलेल्या मान्यताप्राप्त शाळेतील शिक्षकाला बडतर्फ केले, सेवेतून कमी केले, पदावनत केले किंवा त्याची सेवा अन्य मार्गाने संपुष्टात आणली, म्हणजे शिक्षक आणि संस्थाचालक यांच्यात उद्भवणाऱ्या न्यायालयीन तंट्यांना सेवासमाप्तीविषयक वाद म्हणता येईल. खानदेशात, म्हणजे जळगाव, धुळे आणि 1998 मध्ये धुळ्यातून वेगळा झालेला नंदुरबार या जिल्ह्यांत, माध्यमिक शिक्षणाचा मोठा भार खाजगी संस्थांनी उचलला. साने गुरुजी ज्या प्रताप हायस्कूलमध्ये शिक्षक होते, ती अमळनेरची शाळाही अशाच संस्थेची होती. अनुदानित शाळेत वेतन शासन देते, पण नेमणूक आणि सेवासमाप्ती यांचे अधिकार संस्थेकडे राहतात. बहुतेक वादांचे मूळ या दुहेरी रचनेत आहे.

पूर्वी या शाळांचा कारभार माध्यमिक शाळा संहितेनुसार चाले. परंतु ती संहिता विधिमंडळाचा कायदा नव्हती, आणि वैयक्तिक सेवेचा करार न्यायालय सक्तीने अमलात आणीत नाही, या तत्त्वामुळे काढून टाकलेल्या शिक्षकाला दिवाणी न्यायालयातून फार तर नुकसानभरपाई मिळे, नोकरी परत मिळणे दुरापास्त असे. सर्वोच्च न्यायालयाने 1976 मध्ये वैश्य पदवी महाविद्यालयाच्या खटल्यात खाजगी व्यवस्थापनाबाबत हेच तत्त्व लावले. पुढे 1988 मध्ये, गोव्यातून आलेल्या एका प्रकरणात, शिक्षक हा औद्योगिक विवाद कायद्याच्या अर्थाने ‘कामगार’ नाही असा निर्णय झाल्याने कामगार न्यायालयाचा मार्गही बंद झाला. म्हणूनच 15 जुलै 1981 रोजी अमलात आलेला महाराष्ट्र खाजगी शाळांतील कर्मचारी (सेवेच्या शर्ती) विनियमन अधिनियम, 1977 आणि त्याखालील 1981 ची नियमावली हा शिक्षकाचा खरा आधार ठरला.

अधिनियमाच्या कलम 9 नुसार शिक्षकाला आदेश मिळाल्यापासून 30 दिवसांत शाळा न्यायाधिकरणाकडे अपील करता येते आणि सबळ कारण असल्यास विलंब माफ होऊ शकतो. अपील शक्यतो तीन महिन्यांत निकाली काढावे, असे कायदा म्हणतो. खानदेशातील बरीच अपिले नाशिक येथील न्यायाधिकरणापुढे चालली आहेत. न्यायाधिकरणाचा निर्णय अंतिम असला, तरी त्याविरुद्ध उच्च न्यायालयात रिट याचिका करता येते, आणि जळगाव, धुळे व नंदुरबारच्या बाबतीत ती औरंगाबाद खंडपीठापुढे जाते. त्यामुळे शहाद्याच्या किंवा यावलच्या शिक्षकाला नोकरीसाठी दोन वेगवेगळ्या शहरांच्या खेपा घालाव्या लागतात, आणि पगार बंद असताना हा खर्च त्याला संस्थेपेक्षा कितीतरी जड जातो.

कायम शिक्षकाच्या बडतर्फीपूर्वी नियम 36 व 37 प्रमाणे चौकशी झाली पाहिजे. चौकशी समितीत एक सदस्य व्यवस्थापनाचा, एक शिक्षकाने खाजगी शाळांच्या कर्मचाऱ्यांतून सुचविलेला आणि तिसरा राज्य किंवा राष्ट्रीय पुरस्कारप्राप्त शिक्षकांच्या यादीतून घेतलेला असतो. विद्या विकास मंडळाच्या खटल्यात (2007) सर्वोच्च न्यायालयाने तीनपैकी दोघांच्याच अहवालावर आधारलेली कारवाई अमान्य केली. शिक्षकाने सुचविलेला सदस्य समितीत नुसता बसून चालत नाही, त्याच्या मतालाही वजन असते, हे त्यातून स्पष्ट झाले. निलंबन मात्र बडतर्फी नव्हे. त्या काळात वेतनाऐवजी निर्वाहभत्ता, म्हणजे उदरनिर्वाहापुरती ठरावीक रक्कम, द्यावी लागते.

प्रत्यक्षात निम्मी लढाई चौकशीच्या आधीच, नेमणुकीच्या कागदांवर होते. कलम 5 नुसार कायम रिक्त जागेवर नेमलेला शिक्षक परिवीक्षाधीन, म्हणजे पारखून पाहण्याच्या अवधीत, दोन वर्षे राहतो आणि तो अवधी समाधानकारकपणे पार पडला की कायम मानला जातो. 2000 नंतरच्या शिक्षणसेवक योजनेत हा अवधी तीन वर्षांचा आहे. परिवीक्षेत काम असमाधानकारक वाटल्यास संस्था महिन्याची नोटीस किंवा महिन्याचे वेतन देऊन सेवा संपवू शकते. त्यामुळे जागा कायम रिक्त होती की नव्हती, जाहिरात निघाली होती का, बिंदुनामावलीत, म्हणजे आरक्षणाच्या क्रमपटात, ती कोणत्या प्रवर्गाची होती, या प्रश्नांवर अपिलाचे भवितव्य ठरते. शिक्षणाधिकाऱ्याची वैयक्तिक मान्यता नाही म्हणून नेमणूकच अवैध, असा बचाव संस्था वारंवार घेत. परंतु सेंट उलाई हायस्कूलच्या खटल्यात मुंबई उच्च न्यायालयाच्या पूर्णपीठाने अशी मान्यता ही वैध नेमणुकीची पूर्वअट नसल्याचे ठरविले. ही मान्यता मुख्यतः अनुदानाशी निगडित असते आणि तिचा प्रस्ताव पाठविणे संस्थेच्याच हाती असते, हे पाहता हा निर्णय न्याय्यच म्हटला पाहिजे.

राजीनाम्याचा वाद याहून कटू असतो. कलम 7 प्रमाणे शिक्षकाने राजीनामा दोन प्रतींत लिहून, दोन्हींवर सही व तारीख घालून, त्यांपैकी एक प्रत नोंदणीकृत टपालाने व्यवस्थापनाकडे पाठवायची असते. दडपणाखाली किंवा कोऱ्या कागदावर घेतलेल्या सह्यांचा गैरवापर होऊ नये, यासाठी ही तरतूद मोलाची आहे. संस्थेत दोन गट पडले आणि विश्वस्तांच्या बदलाचा अर्ज, म्हणजे फेरफार अर्ज, धर्मादाय आयुक्तांच्या कार्यालयात प्रलंबित राहिला, तर आणखी एक गुंता होतो. एका गटाने नेमलेल्या शिक्षकाला दुसरा गट हजेरीपटावर सही करू देत नाही, आणि व्यवस्थापन नेमके कोण, या प्रश्नाचे उत्तर मिळेपर्यंत शिक्षक अधांतरी राहतो.

शिक्षकाच्या बाजूने निकाल लागल्यास कलम 11 खाली पुनःस्थापना, मागील वेतन किंवा शिक्षा सौम्य करणे असे आदेश देता येतात. पुनःस्थापना न केल्यास, सेवा दहा वर्षे किंवा अधिक असेल तर बारा महिन्यांचे, आणि त्याहून कमी असेल तर सहा महिन्यांचे वेतन भरपाई म्हणून देता येते. मागील वेतनाबाबत मराठवाड्यातून गेलेल्या क्रांती ज्युनियर अध्यापक महाविद्यालयाच्या खटल्यात (2013) सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की, बेकायदा सेवासमाप्ती झाल्यास पुनःस्थापनेसह मागील वेतन हाच सामान्य नियम आहे. शिक्षकाने आपण अन्यत्र पगारी कामावर नव्हतो असे प्रतिज्ञेवर सांगितले, की त्याउलट सिद्ध करण्याचा भार संस्थेवर येतो. संस्था रक्कम देत नसेल, तर ती अनुदानातून कापून थेट शिक्षकाला द्यावी, अशी शिफारस न्यायाधिकरण शासनाला करू शकते. विनाअनुदानित शाळेत कापण्यासाठी अनुदानच नसते. तेथे आदेश न पाळणाऱ्या व्यवस्थापनाविरुद्ध कलम 13 खालील दंडात्मक कारवाईचा किंवा उच्च न्यायालयाचा मार्ग शिक्षकाला धरावा लागतो.