दूरध्वनी केंद्रापासून सॉफ्टवेअर-नियंत्रित नेटवर्कपर्यंत : एक ऐतिहासिक अभ्यास (महाराष्ट्राच्या विशेष संदर्भात)

प्रस्तावना

संदेशवहनाचा इतिहास बहुधा तारा, मनोरे आणि यंत्रे यांच्या आधारे लिहिला जातो. कोणत्या गावी केंद्र केव्हा आले, तार कोठवर पोहोचली, याची नोंद होते. परंतु संदेशाने कोणत्या वाटेने जावे हा निर्णय कोण घेते, या प्रश्नाकडे दुर्लक्ष होते. प्रस्तुत लेखात या निर्णयाच्या जागेचा मागोवा घेतला आहे. सॉफ्टवेअर-नियंत्रित नेटवर्क ही एकविसाव्या शतकात अचानक घडलेली क्रांती नसून दूरध्वनी केंद्रात आज्ञावली शिरली तेव्हा सुरू झालेल्या प्रक्रियेची पुढील पायरी आहे, असे प्रतिपादन येथे करावयाचे आहे.

माणूस, यंत्र आणि आज्ञावली

मुंबईत जानेवारी १८८२ मध्ये दूरध्वनी केंद्र सुरू झाले. त्या काळी जोडणी करून देणारा माणूस हाच नेटवर्कचा नियंत्रक होता. अमेरिकेत स्ट्रोजर यांना १८९१ मध्ये पेटंट मिळालेल्या स्वयंचलित स्विचने हे काम यंत्राकडे दिले. मात्र मार्गात बदल करावयाचा झाल्यास तारांची जोडणीच बदलावी लागे. १९६५ मध्ये अमेरिकेतील सकासुना येथे संचित आज्ञावलीवर चालणारे पहिले मोठे केंद्र कार्यान्वित झाले आणि मार्ग ठरविण्याचे काम स्मृतीत साठविलेल्या सूचनांकडे गेले. भारतात ट्रंक मार्गांसाठीचे या पद्धतीचे पहिले केंद्र १९८३ मध्ये मुंबईत आले.

पुढील वर्षी, १९८४ मध्ये, सी-डॉट ही संस्था स्थापन झाली. तिने विकसित केलेले १२८ जोडण्यांचे ग्रामीण केंद्र १९८६ मध्ये कर्नाटकातील कित्तूर येथे बसविण्यात आले. वातानुकूलनाशिवाय चालणारे हे केंद्र आपल्याकडील उष्मा व धूळ लक्षात घेऊन घडविलेले होते. लहान गावात आज्ञावली पोहोचली ती संगणकाच्या रूपाने नव्हे, तर अशा दूरध्वनी केंद्राच्या रूपाने, ही बाब इतिहासकारांनी नोंदविण्याजोगी आहे.

संगणकीय जाळ्याचा वेगळा मार्ग

१९६९ मध्ये अमेरिकेत सुरू झालेल्या अर्पानेटने वेगळे तत्त्व स्वीकारले. संदेशाचे लहान तुकडे करावयाचे आणि प्रत्येक थांब्यावरील यंत्राने पुढची वाट स्वतः ठरवावयाची. भारतात १९८६ मध्ये अर्नेट प्रकल्प सुरू झाला. मुंबईतील एनसीएसटी आणि आयआयटी यांच्यात १९८७ मध्ये ई-मेलची देवाणघेवाण होऊ लागली. सर्वसामान्यांसाठी इंटरनेट सेवा १५ ऑगस्ट १९९५ रोजी सुरू झाली.

या विकेंद्रित रचनेमुळे एक थांबा बंद पडला तरी जाळे टिकून राहते. तथापि प्रत्येक राउटरमध्ये निर्णय घेणारा नियंत्रण स्तर आणि माहिती पुढे ढकलणारा वहन स्तर एकाच पेटीत बंदिस्त झाले. धोरणात लहानसा बदल करावयाचा तरी शेकडो यंत्रांवर स्वतंत्रपणे सूचना द्याव्या लागत, आणि पेटीतील आज्ञावली उत्पादक कंपनीच्याच ताब्यात राही.

नियंत्रणाची फारकत

२००८ मध्ये प्रसिद्ध झालेल्या ओपनफ्लो या प्रस्तावाने हे दोन स्तर वेगळे केले. स्विचकडे केवळ एक तक्ता उरला : अमुक लक्षणांची माहिती आल्यास अमुक कृती करावी. तक्ता भरण्याचे काम संपूर्ण जाळे पाहू शकणाऱ्या नियंत्रक सॉफ्टवेअरकडे गेले. लांब पल्ल्याच्या जोडण्यांची जेमतेम ३० ते ४० टक्के क्षमता वापरण्याचा प्रघात असताना, गुगलने आपल्या अंतर्गत जाळ्यात या पद्धतीने अनेक जोडण्या जवळजवळ पूर्ण क्षमतेने वापरल्याचे २०१३ मध्ये मांडले. इतिहासाच्या दृष्टीने पाहता, इंटरनेटने नाकारलेले दूरध्वनी केंद्राचे केंद्रीय नियंत्रण येथे नव्या रूपात परतले आहे.

महाराष्ट्रात मुख्यालय असलेल्या जिओने ५ सप्टेंबर २०१६ रोजी सेवा सुरू करताना आवाजही डेटाच्या रूपातच वाहून नेला. बीएसएनएलची स्वदेशी ४जी प्रणाली २७ सप्टेंबर २०२५ रोजी राष्ट्राला अर्पण झाली; तिचा गाभा सी-डॉटचा, तर जुळणी टाटा कन्सल्टन्सी सर्व्हिसेसची आहे. १९८४ मधील स्वावलंबनाचा धागा येथे पुन्हा जुळतो.

लहान गावाचा प्रश्न

१ मे १९९९ रोजी परभणीपासून वेगळ्या झालेल्या हिंगोली जिल्ह्यातील वसमत ही हळदीची बाजारपेठ आहे. भाव, आवक, पैशांचे व्यवहार हे सारे आता मोबाईलवर चालते. ४ ऑक्टोबर २०२१ रोजी फेसबुकच्या अंतर्गत जाळ्यात देखभालीच्या वेळी दिलेल्या एका आज्ञेमुळे व्हॉट्सअ‍ॅप सुमारे सहा तास बंद पडले. जुन्या काळी दोष सापडावयाचा तो गावच्या केंद्रात किंवा खांबावर, आणि लाइनमन तो दूर करीत असे. या प्रसंगी मात्र तार शाबूत होती, मनोरा उभा होता, वीजही होती. दुरुस्तीसाठी गावात कोणाच्याही हाती काही नव्हते. उलटपक्षी, रस्त्याच्या खोदकामात तुटलेली ऑप्टिकल फायबर कोणतेही सॉफ्टवेअर जोडू शकत नाही. पर्यायी वाटच नसेल, तर उत्तम नियंत्रकही निवड कशाची करणार?

निष्कर्ष

नियंत्रण माणसाकडून यंत्राकडे, यंत्राकडून आज्ञावलीकडे आणि अखेर गावाकडून दूरच्या नियंत्रकाकडे सरकत गेले. प्रत्येक टप्प्यावर सोय वाढली आणि निर्णयाची जागा वापरणाऱ्यापासून लांब गेली. यावर उपाय दुहेरी आहे : ग्रामीण भागास किमान दोन स्वतंत्र फायबर मार्ग मिळावेत आणि नियंत्रक सॉफ्टवेअर समजणारे मनुष्यबळ येथेच घडावे. नियंत्रक सॉफ्टवेअरचे अनेक नमुने खुल्या स्वरूपात उपलब्ध असून ते साध्या संगणकावर चालविता येतात. म्हणूनच ग्रामीण महाविद्यालयांतील संगणकशास्त्र विभागांना हा विषय केवळ पाठ्यपुस्तकातून नव्हे, तर प्रात्यक्षिकांतून शिकविणे शक्य आहे आणि तसे करणे अगत्याचेही आहे.