गेरहार्डसेन, आइनार

आइनार गेरहार्डसेन (१० मे १८९७ – १९ सप्टेंबर १९८७) : नॉर्वेचे राजकारणी. ऑस्लोचे महापौर (१९४० व १९४५), मजूर पक्षाचे अध्यक्ष (१९४५–६५) आणि देशाचे पंतप्रधान (१९४५–५१, १९५५–६३, १९६३–६५). तिन्ही कारकिर्दी मिळून सुमारे सतरा वर्षे ते पंतप्रधान होते आणि नॉर्वेत इतका काळ हे पद दुसऱ्या कोणीही भूषवलेले नाही. युद्धानंतरचा कल्याणकारी नॉर्वे त्यांच्या नावाशी जोडला जातो. त्यांच्या कामाची पद्धत मात्र त्याच्या कितीतरी आधी, कामगार संघटनेच्या आणि नगरसभेच्या बैठकांत घडली. त्यांचे मोठेपण समजून घ्यायचे तर सुरुवात तिथूनच करावी लागते.

जन्म राजधानीलगतच्या आस्केर इथला. वडील रस्त्यांच्या कामावर होते. शाळा संपल्यावर आइनार आधी निरोप पोचवणारा पोऱ्या आणि मग रस्ते विभागात मजूर झाले. खडी, फावडे आणि उत्तरेकडचा लांबलचक हिवाळा हेच त्यांचे पहिले शिक्षण. १९१९ मध्ये, वयाच्या बाविसाव्या वर्षी, ते रस्ते कामगारांच्या संघटनेचे अध्यक्ष झाले. राजधानीचे नाव तेव्हा क्रिस्तियानिया होते; १ जानेवारी १९२५ पासून ते ऑस्लो झाले.

तो काळ क्रांतीच्या आशेने भारलेला होता. नॉर्वेच्या मजूर पक्षाने १९१९ मध्ये लेनिनच्या कॉमिन्टर्न या आंतरराष्ट्रीय कम्युनिस्ट संघटनेत प्रवेश केला आणि पुढच्याच वर्षी तरुण गेरहार्डसेन मॉस्कोला जाऊन आले. मॉस्कोहून येणारे हुकूम पक्षाला लवकरच जाचू लागले. १९२३ मध्ये पक्ष फुटला, बहुमताने कॉमिन्टर्न सोडले आणि गेरहार्डसेन बहुमताबरोबर राहिले. त्याच वर्षी ते पक्षाचे सचिव झाले. पण या फारकतीमुळे ते लगेच मवाळ झाले असे नव्हे. १९२४ मध्ये लष्करी सेवेविरुद्धच्या संपाच्या आवाहनावरून पक्षाच्या अनेक कार्यकर्त्यांवर खटले झाले, त्यात गेरहार्डसेन यांनाही तुरुंगात जावे लागले. पुढची काही वर्षे त्यांनी ऑस्लोतील पक्षसंघटना बांधण्यात घालवली आणि १९३४ पासून पुन्हा देशपातळीवरचे सचिवपद सांभाळले.

१९३१ मध्ये त्यांनी ‘तिलित्समानेन’ हे छोटे पुस्तक लिहिले. कामगारांनी निवडून दिलेल्या प्रतिनिधींसाठी ती एक मार्गदर्शिका होती. सभा कशी बोलवावी, विषयपत्रिका कशी आखावी, ठराव आणि उपसूचना कशा मांडाव्यात, इतिवृत्त कसे लिहावे, अध्यक्षाने कुठे बोलावे आणि कुठे गप्प राहावे, अशा साध्या व्यवहाराचे हे पुस्तक आहे. त्याच्या आवृत्त्यांमागून आवृत्त्या निघाल्या आणि कामगार चळवळीच्या कित्येक पिढ्या त्यावर सभा चालवायला शिकल्या. पंतप्रधान होऊन गेलेल्या माणसाचे सर्वांत परिणामकारक लेखन सभाशास्त्रावरचे असावे, हे विलक्षण वाटेल. पण गेरहार्डसेन यांच्या लेखी लोकशाहीचा खरा कस सभेतच लागत असे. बोलायला घाबरणाऱ्या मजुराला नियम ठाऊक असले तर त्याला वकिलासमोरही उभे राहता येते, ही त्यांची मनापासूनची श्रद्धा होती.

१९३०च्या दशकाच्या सुरुवातीला ते ऑस्लोच्या नगरसभेत आले. नॉर्वेत स्थानिक स्वराज्याची परंपरा जुनी आहे. १८३७च्या कायद्यांनी गावोगावी निवडून आलेली सभा आणि तिने आपल्यातूनच निवडलेला अध्यक्ष अशी व्यवस्था बसवली. हा अध्यक्ष म्हणजेच महापौर. १९३४च्या निवडणुकीनंतर राजधानीची सूत्रे मजूर पक्षाकडे आली. बेकारी आणि घरटंचाई हे शहराचे दोन मोठे प्रश्न होते. १९२९ मध्ये स्थापन झालेली ओबोस ही सहकारी गृहनिर्माण संस्था शहराच्या पाठबळावर कामगारांसाठी इमारती बांधत होती. कर्ज, जमीन आणि सहकार यांची सांगड घातली की सामान्य कुटुंबाला घर मिळू शकते, हा धडा गेरहार्डसेन यांना नगरसभेत मिळाला. पुढे त्यांनी तो साऱ्या देशासाठी वापरला.

९ एप्रिल १९४० रोजी जर्मन फौजा आल्या. त्याच वर्षी गेरहार्डसेन महापौर झाले. ऑगस्टमध्ये जर्मनांनी त्यांना पदावरून काढले आणि सप्टेंबरात जर्मनधार्जिण्या क्विस्लिंगचा पक्ष सोडून बाकी सगळ्या पक्षांवर बंदी आली. राजकारणाची दारे बंद झाल्यावर माजी महापौर पुन्हा रस्त्याच्या कामावर गेले. हातात फावडे होते आणि आडून भूमिगत प्रतिकाराची जुळवाजुळव चालू होती.

सप्टेंबर १९४१ मध्ये कामगारांना मिळणारे दूध बंद झाले आणि ऑस्लोतल्या कारखान्यांत संप पेटला. जर्मनांनी आणीबाणी पुकारली. १० सप्टेंबरला कामगारांचे वकील विगो हान्स्टीन आणि कामगार पुढारी रोल्फ विकस्ट्रोम यांना गोळ्या घातल्या गेल्या. त्याच धरपकडीत गेरहार्डसेन पकडले गेले. आधी ऑस्लोजवळची ग्रीनी छावणी, १९४२ मध्ये जर्मनीतली साक्सेनहाउसेन छळछावणी, मग १९४४ मध्ये चौकशीसाठी पुन्हा ग्रीनी असा त्यांचा साडेतीन वर्षांचा बंदिवास झाला. ग्रीनीत वेगवेगळ्या पक्षांची माणसे एकाच तारेच्या कुंपणात होती. स्वातंत्र्यानंतर सगळ्या पक्षांनी मान्य केलेल्या संयुक्त कार्यक्रमाची बरीचशी पूर्वतयारी अशा कैद्यांच्या चर्चांतून झाली. सर्वांना रोजगार, उद्योगांची उभारणी आणि सामाजिक विमा ही त्यातली मुख्य कलमे होती.

८ मे १९४५ रोजी देश मुक्त झाला आणि काही महिन्यांत घटना विजेच्या वेगाने घडल्या. छावणीतून सुटलेले गेरहार्डसेन पुन्हा ऑस्लोचे महापौर झाले. सरकार बनवण्यासाठी राजे होकोन सातवे यांनी आधी सरन्यायाधीश आणि प्रतिकाराचे नेते पोल बर्ग यांना विचारले, पण त्यांना जुळवता आले नाही. मग ती जबाबदारी गेरहार्डसेन यांच्यावर आली आणि २५ जूनला सर्वपक्षीय मंत्रिमंडळ बनले. त्यात कम्युनिस्टही होते. विगो हान्स्टीन यांच्या पत्नी कर्स्टन हान्स्टीन या नॉर्वेच्या पहिल्या महिला मंत्री याच मंत्रिमंडळातल्या. ऑक्टोबरच्या निवडणुकीत स्टोर्टिंगमध्ये, म्हणजे संसदेत, मजूर पक्षाला १५० पैकी ७६ जागा मिळाल्या आणि गेरहार्डसेन यांनी एकपक्षीय सरकार स्थापन केले. चार वर्षांनी हा आकडा ८५ वर गेला.

या सरकारपुढचे काम अवाढव्य होते. माघार घेताना जर्मनांनी फिनमार्क हा उत्तरेकडचा प्रदेश जाळून टाकला होता. शहरांत एकेका खोलीत कुटुंबे दाटीवाटीने राहत होती. १९४६ मध्ये ‘हुस्बांकेन’ ही सरकारी गृहबँक निघाली. ती कमी व्याजाने दीर्घ मुदतीचे कर्ज देई. घराचे क्षेत्रफळ आणि खर्च मर्यादेत ठेवण्याची अटही घाली. राजधानीत जमीनच नव्हती, कारण जुन्या ऑस्लोचे क्षेत्र जेमतेम १७ चौरस किलोमीटर होते आणि सभोवार आकेर ही विस्तीर्ण, वेगळी नगरपालिका पसरलेली होती. आकेरवासीयांचा विरोध असूनही १ जानेवारी १९४८ रोजी दोन्ही एक झाल्या आणि शहराचे क्षेत्र सुमारे ४५० चौरस किलोमीटर झाले. डोंगरउतारावरच्या शेतांत, जंगलाच्या कडेला नवी उपनगरे आखली गेली. लाम्बर्टसेटेर हे त्यातले पहिले मोठे उपनगर १९५०च्या दशकात उभे राहिले. घरे, शाळा, दुकाने आणि राजधानीत नेणारी रेल्वे असा पूर्ण आराखडा त्यात होता. माजी महापौर पंतप्रधान असताना राजधानीला श्वास घ्यायला जागा मिळाली. नगरसभेतला अनुभव राष्ट्रीय धोरणात कसा उतरतो याचे इतके स्पष्ट उदाहरण क्वचितच सापडेल. १९३१ पासून बांधकाम चालू असलेल्या ऑस्लोच्या नव्या नगरभवनाचे उद्घाटन १९५० मध्ये झाले, तेव्हा गेरहार्डसेन पंतप्रधान होते.

इतर कामे तितक्याच झपाट्याने झाली. १९४६ मध्ये बालभत्ता आणि १९४७ मध्ये विद्यार्थी कर्जनिधी सुरू झाला. त्याच वर्षी तीन आठवड्यांच्या सुट्टीचा कायदाही आला. मू इ राना इथे सरकारी पोलाद कारखाना आणि ओर्डालला ॲल्युमिनियमचा उद्योग उभा राहिला. या विकासाची किंमत लोकांनी संयमाने मोजली. परकीय चलन यंत्रसामग्रीसाठी राखले गेले आणि खासगी मोटारगाडी विकत घ्यायला १९६० पर्यंत परवाना लागत असे.

परराष्ट्र धोरणात सुरुवातीला नॉर्वेला दोन्ही महासत्तांमधला दुवा व्हायचे होते. फेब्रुवारी १९४८ मध्ये प्रागमध्ये कम्युनिस्टांनी सत्ता घेतली आणि ती आशा मावळली. त्याच महिन्याच्या २९ तारखेला क्रोकेरॉय इथल्या भाषणात गेरहार्डसेन यांनी नॉर्वेतल्या कम्युनिस्टांना लोकशाहीचा धोका ठरवले. एकेकाळी मॉस्कोला गेलेल्या आणि छावणीत कम्युनिस्टांबरोबर राहिलेल्या माणसाने हे बोलण्यामागे किती घालमेल असेल, याची कल्पना करता येते. १९४९ मध्ये नॉर्वे नाटोत गेला, पण शांततेच्या काळात परकीय तळ आपल्या भूमीवर येऊ देणार नाही या अटीवर. १९५५ मध्ये गेरहार्डसेन यांनी मॉस्कोला भेट दिली आणि १९५७ मध्ये पॅरिसच्या नाटो बैठकीत नॉर्वेच्या भूमीवर अण्वस्त्रे ठेवायला स्पष्ट नकार दिला. रशियाची सीमा दाराशी असलेल्या छोट्या देशाने मित्रांशी निष्ठा आणि शेजाऱ्याशी संवाद दोन्ही कसे राखावे, हे या धोरणात दिसते.

नोव्हेंबर १९५१ मध्ये ते पायउतार झाले आणि ऑस्कर टॉर्प पंतप्रधान बनले. गेरहार्डसेन काही काळ स्टोर्टिंगचे अध्यक्ष होते. जानेवारी १९५५ मध्ये पक्षाने त्यांना परत बोलावले. १९५७ मध्ये बहुमत टिकले. १९६१ मध्ये मात्र बहुमत गेले, कारण नाटो आणि अण्वस्त्रांच्या प्रश्नावर पक्षाबाहेर पडलेल्यांनी समाजवादी लोकपक्ष काढून दोन जागा जिंकल्या होत्या. मजूर पक्षाला ७४ जागा मिळाल्या, विरोधी उजव्या व मध्यममार्गी पक्षांनाही ७४. लोकपक्षाचे फिन गुस्तावसेन आणि त्यांचे एक सहकारी, या दोघांच्या हाती तराजूचा काटा आला.

५ नोव्हेंबर १९६२ रोजी स्वालबार बेटांवरील न्यू-ओलेसुंडच्या कोळसा खाणीत स्फोट होऊन २१ कामगार मृत्युमुखी पडले. खाण चालवणारी किंग्ज बे ही कंपनी सरकारी मालकीची होती आणि त्या खाणीत आधीही जीवघेणे स्फोट झाले होते. सुरक्षेकडे दुर्लक्ष झाल्याचे चौकशी आयोगाने नोंदवले आणि उद्योगमंत्री शेल होलर यांना जावे लागले. विरोधकांचा मुद्दा त्यापलीकडचा होता. सरकारी कंपन्यांबद्दलची माहिती संसदेला मिळते का आणि मंत्री संसदेला खरोखर उत्तरदायी आहेत का, हा सवाल त्यांनी उभा केला. ऑगस्ट १९६३ मधली चर्चा दूरचित्रवाणीवरून थेट दाखवली गेली आणि देशाने ती श्वास रोखून पाहिली. अविश्वासाचा ठराव ७६ विरुद्ध ७४ मतांनी मंजूर झाला. विरोधी पक्षांचे, यॉन ल्यूंग यांच्या नेतृत्वाखालचे सरकार आले. गुस्तावसेन यांना मजूर पक्षाला धडा शिकवायचा होता, उजव्यांना सत्तेवर ठेवायचे नव्हते. त्यामुळे महिन्याभरातच ल्यूंग सरकार पडले आणि २५ सप्टेंबरला गेरहार्डसेन परतले. पण १९३५ पासून चालत आलेल्या मजूर पक्षाच्या सत्तेला पर्याय आहे, हे मतदारांनी पाहिले होते. १९६५ची निवडणूक पक्ष हरला आणि पेर बोर्टेन पंतप्रधान झाले. खाणीतले मृत्यू कामगारांचे होते आणि सरकार कामगारांच्या पक्षाचे, ही जखम गेरहार्डसेन यांच्या कारकिर्दीवर कायम राहिली.

या कारकिर्दीतल्या आणखी दोन गोष्टी झाकून ठेवता येत नाहीत. जर्मन सैनिकांशी लग्न केलेल्या नॉर्वेजियन स्त्रियांचे नागरिकत्व १९४५ मध्ये काढून घेतले गेले आणि अनेकींना देशाबाहेर घालवले गेले. त्याबद्दल सरकारने माफी मागितली ती २०१८ मध्ये, पंतप्रधान एर्ना सोलबर्ग यांच्या तोंडून. दुसरी गोष्ट पाळतीची. युद्धोत्तर काळात कम्युनिस्ट आणि डाव्या कार्यकर्त्यांवर गुप्त पोलिसांची नजर होती आणि त्या कामात मजूर पक्षाच्या यंत्रणेचे पोलिसांशी निकटचे संबंध होते, हे १९९६च्या लुंड आयोगाच्या अहवालाने उघड केले. सामान्य माणसाला सभेत निर्भयपणे बोलायला शिकवणाऱ्या नेत्याच्या राज्यात काहींच्या बोलण्याची नोंद ठेवली जात होती. त्यांच्या चाहत्यांनाही हे मान्य करावेच लागते.

पंतप्रधानपद गेल्यावर ते १९६९ पर्यंत संसदेत राहिले. पत्नी वेर्ना स्वतः ऑस्लोच्या राजकारणात सक्रिय होत्या. १९७० मध्ये त्यांचे निधन झाले. १९७०च्या दशकात गेरहार्डसेन यांनी अनेक खंडांत आठवणी लिहिल्या. ऑस्लोने १९८६ मध्ये बहुमतावर टिकणाऱ्या नगर-मंत्रिमंडळाची पद्धत स्वीकारली आणि १९९०च्या दशकात त्या मंत्रिमंडळाचे नेतृत्व काही वर्षे त्यांचे चिरंजीव रूने गेरहार्डसेन यांच्याकडे होते. राजधानीतल्या सरकारी कचेऱ्यांच्या आवारातील चौकाला आइनार गेरहार्डसेन यांचे नाव आहे. नॉर्वेच्या युद्धोत्तर राजकारणात शिरू पाहणाऱ्या वाचकाने त्यांच्या आठवणी जरूर वाचाव्यात. मात्र त्या हाती घेण्याआधी १९३१ची ती सभाशास्त्राची पुस्तिका वाचावी.