पाटी बदलली, खुर्ची तीच : जमिनीचे कागद, लाच आणि सीमेच्या दोन्ही बाजूंचे कायदे

नेरडीगोंडा : "पासबुक झालं का?" आमच्या मंडलात चहाच्या हॉटेलात बसलं की हा प्रश्न कानावर येतोच. त्यामागोमाग दुसरा प्रश्न हळू आवाजात येतो, "किती लागले?" पहिल्या प्रश्नाचं उत्तर सरकारी कागदावर सापडतं. दुसऱ्याचं कुठंच लिहिलेलं नसतं, पण गावात सगळ्यांना तोंडपाठ असतं.

नेरडीगोंडा, बोथ, इच्चोडा, बाजारहत्नूर या भागातल्या मराठी बोलणाऱ्या अनेक घरांची शेती तेलंगणात आणि सोयरीक किनवट, माहूर, पांढरकवड्याकडे असते. कुणाचं उलटं असतं. बाप गेला की वारसाची नोंद एका राज्यात एका कायद्यानं होते आणि दुसऱ्या राज्यात दुसऱ्या. त्यामुळे कुणी पैसे मागितले तर तक्रार कुठं करायची, किती दिवसांत करायची, कोणत्या भाषेत करायची, याचा गोंधळ उडतो. ही सगळी माहिती एका ठिकाणी असावी म्हणून हा लेख. वाचून झाल्यावर जपून ठेवा, कधीतरी लागेल.

एकच जिल्हा होता

आज किनवट आणि राजुरा आपल्याला परराज्य वाटतात, पण १९५६ पर्यंत हे दोन्ही तालुके आदिलाबाद जिल्ह्यातच होते. बोथ तालुक्यातलं इस्लापूर सर्कलही त्याच राज्य पुनर्रचनेत तिकडे गेलं. उलट मुधोळ, भैंसा, कुबेर ही नांदेड जिल्ह्यातली सर्कलं इकडे आली. निजामाच्या काळात दोन्हीकडचे दप्तर एकच होते आणि पाटील-पटवारीही एकाच पद्धतीचे. म्हणून आजही दोन्हीकडे म्हातारी माणसं पट्टा, पहाणी, दरखास्त, दाखला हेच शब्द वापरतात. कायदे मात्र वेगळे झाले.

पाट्या कशा बदलल्या

१९८४ मध्ये एन. टी. रामाराव यांच्या सरकारने आंध्र प्रदेशात वंशपरंपरेनं चालत आलेली पाटील-पटवारी पद्धत बंद केली. गावाचं दप्तर एका घरात पिढ्यान्‌पिढ्या राहतं आणि त्या घराची मर्जी म्हणजेच कायदा होतो, ही तेव्हाची मोठी तक्रार होती. पुढे त्या जागी ग्राम महसूल अधिकारी, म्हणजे आपल्या बोलण्यातला व्हीआरओ आला. काही वर्षांतच व्हीआरओबद्दलही तेच ऐकू येऊ लागलं.

सप्टेंबर २०१७ मध्ये तेलंगण सरकारने जमीन नोंदी दुरुस्तीची मोठी मोहीम काढली. ज्या जमिनींवर वाद नव्हता त्यांना नवं पासबुक मिळालं. वादातल्या जमिनी 'पार्ट बी' मध्ये टाकल्या गेल्या आणि तिथंच अडकल्या. वाद खरा की नुसती लिहिण्यातली चूक, हे तपासायला कुणाला सवड नव्हती. लोकांचा राग किती साचला होता, हे ४ नोव्हेंबर २०१९ ला दिसलं. हैदराबादजवळच्या अब्दुल्लापूरमेट इथं जमिनीच्या वादातून एका महिला तहसीलदाराला कार्यालयातच जाळून मारण्यात आलं. वाचवायला गेलेला चालकही दगावला. अशा प्रकाराचं समर्थन कुणीच करू शकत नाही. पण व्यवस्था अडली की मार कुणाला बसतो, तेही त्या दिवशी कळलं.

सप्टेंबर २०२० मध्ये सरकारने व्हीआरओ पदच रद्द केलं. विधेयक विधानसभेत मांडलं ९ सप्टेंबरला. त्याच दिवशी मेदक जिल्ह्यात लाचलुचपत खात्याने अपर जिल्हाधिकाऱ्याच्या घरी धाड टाकली. ११२ एकर जमिनीच्या ना हरकत प्रमाणपत्रासाठी १ कोटी १२ लाखांचा सौदा ठरल्याचा आरोप होता. त्याच्या महिनाभर आधी कीसरा इथल्या तहसीलदाराला १ कोटी १० लाख रुपयांसह पकडल्याचं सगळ्यांनी टीव्हीवर पाहिलं होतं. म्हणजे पद रद्द झालं खालच्या माणसाचं आणि मोठ्या रकमांचे आरोप होते वरच्या खुर्च्यांवर.

२९ ऑक्टोबर २०२० ला 'धरणी' पोर्टल आलं. नोंदणी आणि फेरफार एकाच दिवशी, एकाच टेबलावर. ज्यांचे कागद स्वच्छ होते त्यांचं काम खरंच झटपट झालं, हे मान्य करायला हवं. पण कागदात चूक असेल तर ती दुरुस्त करायचा अधिकार तहसीलदाराकडून जिल्हाधिकाऱ्याकडे गेला आणि अपिलाची नेहमीची पायरी उरली नाही. नाव चुकलं, विस्तार कमी लागला, जमीन प्रतिबंधित यादीत गेली, तर आदिलाबादला चकरा. त्यातून मधला एजंट मोठा झाला.

१४ एप्रिल २०२५ ला धरणीच्या जागी 'भू भारती' आली. या कायद्यात अपिलाची पायरी परत आली. तहसीलदाराच्या आदेशावर आरडीओकडे आणि पुढे जिल्हाधिकाऱ्यांकडे जाता येतं. सप्टेंबर २०२५ मध्ये गावपातळीवर पुन्हा महसूल माणूस आला, नवं नाव ग्राम पालन अधिकारी.

गंमत बघा. तेलंगणाने २०२० मध्ये ज्या नावाचं पद रद्द केलं, 'ग्राम महसूल अधिकारी', तेच नाव महाराष्ट्राने २०२४ मध्ये आपल्या तलाठ्यांना दिलं. पाटी इकडची तिकडे गेली. शेतकऱ्याचा प्रश्न होता तिथंच राहिला.

दर कोण ठरवतं?

कॉमर्स शिकल्यामुळे मला हिशोबाची खोड आहे. तो इथंही मांडून बघू.

समजा एका शेतकऱ्याची ५ एकर जमीन आहे आणि पासबुक अडलंय. रयतू भरोसा योजनेचा जानेवारी २०२५ पासूनचा दर एकरी ६,००० रुपये हंगामाला. दोन्ही हंगामांचे धरले तर ५ एकराचे वर्षाला ६०,००० झाले. पासबुक नाही म्हणून बँकेचं पीककर्ज नाही. सावकाराकडून शेकडा ३ रुपये महिना दराने १ लाख उचलले, तर वर्षाचं व्याज ३६,०००. सीसीआयच्या केंद्रावर कापूस घालताही येत नाही, तो दलालाला पडेल भावात द्यायचा. रयतू बिमाही त्याच कागदावर. घरातला कर्ता गेला तर ५ लाखांवर पाणी.

म्हणजे एक कागद वर्षभर अडला की लाखभराचा फटका. अशा माणसाला कुणी म्हणालं, "वीस हजार दे, आठ दिवसांत काम", तर त्याला ते स्वस्तच वाटणार. लाचेचा दर त्या कामाला किती मेहनत लागते यावर ठरत नाही. उशीर झाला तर तुमचं किती बुडतं, यावर ठरतो. विकला जातो तो उशीर.

महामार्ग ४४ वरही हेच होतं. भोरजच्या सीमा नाक्यावर ट्रक अर्धा दिवस उभा राहिला तर मालकाचं भाडं बुडतं, म्हणून ड्रायव्हर खिशात हात घालणार. ऑक्टोबर २०२५ मध्ये तेलंगण सरकारने परिवहन खात्याचे तपासणी नाके बंद केले. थांबवायची जागाच गेली की थांबवण्याचा भावही जातो. जमिनीच्या कागदाचं टेबल मात्र असं बंद करता येत नाही. तिथं एकच उपाय, उशीर कागदावर आणणं. कसा ते आता पाहू.

पहिली पायरी : पावती आणि तारीख

तोंडी विनंती कायद्याच्या नजरेत नसतेच. दरखास्त मीसेवा केंद्रातून किंवा पोर्टलवरून द्या, नंबर घ्या. कार्यालयात दिली तर दुसऱ्या प्रतीवर शिक्का आणि तारीख मागा. शिक्का द्यायला नकार दिला तर स्पीड पोस्टाने पाठवा आणि पोचपावती जपा.

तेलंगणात दर सोमवारी जिल्हाधिकारी कार्यालयात प्रजावाणी असते. महाराष्ट्रात महिन्याच्या पहिल्या सोमवारी जिल्हास्तरावर लोकशाही दिन असतो. दोन्हीकडे अर्जाला नोंद क्रमांक मिळतो. तो मागून घ्या.

महाराष्ट्रात आणखी एक हत्यार आहे, महाराष्ट्र लोकसेवा हक्क अधिनियम २०१५. अधिसूचित सेवांना मुदत ठरलेली आहे. मुदतीत काम झालं नाही तर त्याच खात्यात पहिलं आणि दुसरं अपील, त्यानंतर आयोग. कसूर करणाऱ्याला ५०० ते ५,००० रुपये दंड होऊ शकतो. फेरफाराच्या नोटिशीवर हरकतीसाठी १५ दिवस असतात. तेवढे थांबावंच लागतं. ते १५ दिवस संपल्यावरही नोंद मंजूर होत नसेल तर कारण लेखी मागा. डिजिटल सहीचा सातबारा १५ रुपयांत घरबसल्या निघतो, त्यासाठी कुणाच्या मागं फिरू नका.

दुसरी पायरी : माहितीचा अधिकार

माहिती अधिकार कायदा २००५ दोन्हीकडे एकच आहे. ३० दिवसांत उत्तर द्यावं लागतं. नाही आलं तर ३० दिवसांत पहिलं अपील, त्यानंतर ९० दिवसांत राज्य माहिती आयोगाकडे दुसरं. अधिकाऱ्याला दिवसाला २५० रुपयांप्रमाणे जास्तीत जास्त २५,००० दंड होऊ शकतो.

फी वेगळी आहे. महाराष्ट्रात १० रुपये, कोर्ट फी तिकीट लावलं तरी चालतं. तेलंगणात गावपातळीवर फी नाही, मंडल कार्यालयात ५ रुपये, त्यावर १० रुपये. दारिद्र्यरेषेखालच्या कुटुंबाला दोन्हीकडे माफ, फक्त पुरावा जोडा.

भाषेचं नीट समजून घ्या. अर्ज इंग्रजीत, हिंदीत किंवा त्या भागाच्या राजभाषेत करता येतो. म्हणजे आदिलाबादच्या कार्यालयाला मराठी अर्ज दिला तर तो परत येऊ शकतो. पण हिंदी अर्ज नाकारता येत नाही. तेलुगू लिहिता येत नाही म्हणून गप्प बसलेल्यांनी हे ध्यानात ठेवावं.

विचारायचं काय? तक्रार लिहू नका, माहिती मागा. "माझी दरखास्त क्रमांक अमुक, तारीख अमुक. त्यावर रोज काय कारवाई झाली, सध्या फाइल कोणत्या हुद्द्याच्या अधिकाऱ्याकडे आहे, किती दिवसांपासून, या कामाची ठरलेली मुदत किती, याच्या प्रती द्या." एवढं पुरे. अनेकदा अर्ज पोचला की फाइल हलते.

तिसरी पायरी : १०६४

पैसे मागितलेच तर लाचलुचपत प्रतिबंधक खात्याचा टोल फ्री नंबर तेलंगण आणि महाराष्ट्र दोन्हीकडे १०६४ आहे. तुम्ही राहता कुठे यापेक्षा पैसे मागणारा नोकर कोणत्या राज्याचा, हे महत्त्वाचं. किनवटकर माणसाला बोथमध्ये मागितले तर तक्रार तेलंगणात, आदिलाबादला खात्याचं कार्यालय आहे. नेरडीगोंड्याच्या माणसाला किनवटमध्ये मागितले तर नांदेडला. यवतमाळ जिल्हा अमरावती परिक्षेत्रात आणि चंद्रपूर नागपूर परिक्षेत्रात येतो.

भ्रष्टाचार प्रतिबंधक कायदा १९८८ च्या कलम ७ नुसार लाच मागणं हाच गुन्हा आहे, पैसे हातात पडलेच पाहिजेत असं नाही. शिक्षा ३ ते ७ वर्षं. बेकायदा वजन वापरून काम करून देतो म्हणत पैसे घेणारा खासगी एजंट कलम ७-अ खाली येतो, त्यालाही तेवढीच.

२०१८ च्या दुरुस्तीने लाच देणंही गुन्हा झालं आहे, ७ वर्षांपर्यंत शिक्षा. पण जबरदस्तीनं द्यावी लागली आणि ७ दिवसांच्या आत पोलीस किंवा तपास यंत्रणेला कळवलं, तर देणारा गुन्हेगार ठरत नाही. आधी खात्याला सांगून सापळ्यासाठी पैसे दिले तर प्रश्नच नाही. म्हणून "आधी काम होऊ दे, मग बघू" म्हणत महिना घालवू नका. आठवा दिवस तुमच्याविरुद्ध जातो.

सापळा असा असतो. तक्रार लेखी घेतात, मागणी खरी आहे का याची पडताळणी करतात, दोन पंच बोलावतात. नोटांचे नंबर लिहून त्यांना पावडर लावतात. घेणाऱ्याची बोटं सोड्याच्या पाण्यात बुडवली की पाणी गुलाबी होतं. सापळ्यातली रक्कम खातं तक्रारदाराला परत देतं. जबाब तेलुगूत लिहिला असेल तर वाचून, समजावून घेतल्याशिवाय सही करू नका.

पुढे तक्रारदार फिरला तर? हे आपल्याकडं फार होतं. गावातली चार मोठी माणसं येतात, "जाऊ द्या, लेकराबाळांचा आहे" म्हणतात. १५ डिसेंबर २०२२ ला सर्वोच्च न्यायालयाच्या पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने नीरज दत्ता प्रकरणात सांगितलं की तक्रारदार उलटला किंवा मरण पावला तरी इतर पुराव्यांवरून मागणी सिद्ध होऊ शकते. पण मागणी सिद्ध व्हावीच लागते. म्हणून फोनवरचं बोलणं, मेसेज, कुणासमोर मागितले, ती तारीख, हे सगळं त्याच दिवशी वहीत लिहून ठेवा.

एजन्सी भागासाठी सावधगिरी

आदिलाबादच्या अनुसूचित भागात १९७० च्या कायद्याने आदिवासींची जमीन बिगरआदिवासीच्या नावावर होऊ शकत नाही. बिगरआदिवासीनेही ती आदिवासीलाच विकायची. तिथं साध्या कागदावर बैनामा करून "साहेबांकडून नावावर करून देतो" म्हणणारा माणूस तुमच्याकडून फक्त पैसे घेणार. लाच देऊनही ते काम कायद्यात बसत नाही आणि फसलो म्हणून बोंब मारायची सोयही राहत नाही.

शेवटी

सगळेच कर्मचारी घेणारे नसतात. एका माणसाकडे अनेक गावं, सर्व्हर बंद, वरून फोन, अशात प्रामाणिक माणसाचंही काम लांबतं. म्हणूनच तारीख आणि पावती महत्त्वाची. प्रामाणिक माणसाला त्याचा त्रास होत नाही आणि उशीर विकणाऱ्याचं दुकान त्यानंच बंद होतं. पुढच्या वेळी कार्यालयात जाताना दरखास्तीची दुसरी प्रत आणि एक वही सोबत घ्या.