ठिपके गेल्यानंतर

शोभेच्या माशांच्या परजीवी रोगांकडे वळणाऱ्याने पहिले काही आठवडे एकाच जिवाला द्यावेत, असे मला मनापासून वाटते. तो म्हणजे इक्थिओफ्थिरियस मल्टिफिलिस. १८७६ साली फूके यांनी त्याचे वर्णन केले. मासे पाळणारे त्याला नुसते ‘इक’ म्हणतात.

त्याची लक्षणे सगळ्यांच्या ओळखीची आहेत. मासा पर मिटून घेतो, खडीला अंग घासतो आणि मीठ भुरभुरल्यासारखे पांढरे ठिपके त्याच्या अंगावर उठतात. दुकानातून औषध येते, थेंब पडतात, दोन-तीन दिवसांत ठिपके नाहीसे होतात आणि औषध थांबते. पुढच्या आठवड्यात ते पहिल्यापेक्षा जास्त दिसतात. दोष औषधाला दिला जातो, पण खरी गडबड वेळेची असते. ठिपका म्हणजे कातडीच्या वरच्या थराखाली बसून खाणारा परजीवी. तिथे औषध पोचत नाही. पोट भरले की तो माशावरून उतरतो, खडीला किंवा काचेला चिकटतो, भोवती कवच करतो आणि आत शेकडो तुकड्यांत विभागतो. बाहेर पडलेली पिल्ले पोहत मासा शोधतात; दोन-तीन दिवसांत तो मिळाला नाही तर मरतात. औषधाचा घाव बसतो तो या पोहणाऱ्या पिल्लांवरच. म्हणून ठिपके दिसेनासे झाल्यावरही उपचार चालू हवेत. २५-२६ अंशांना हे चक्र आठवड्याच्या आत पुरे होते, थंड पाण्यात कित्येक आठवडे रेंगाळते. पुण्याच्या डिसेंबरात हीटर नसलेल्या टाकीचा हिशेब त्यामुळेच वेगळा मांडावा लागतो.

सूक्ष्मदर्शक शक्यतो लवकर हाताशी घ्या. कातडीवरचा थोडासा चिकट स्राव काचपट्टीवर पसरला की सावकाश गिरक्या घेणारा गोळा दिसतो आणि त्यात घोड्याच्या नालासारखे केंद्रक. एकदा पाहिले की निदानासाठी अंदाजाची गरज उरत नाही. अंदाजाने औषध टाकण्याची सवय या छंदातली सर्वांत घातक सवय आहे. कल्ल्यांवरच्या चपट्या कृमींना प्राझिक्वान्टेल लागते, गप्पीच्या गुदद्वारातून डोकावणाऱ्या लाल कॅमॅलॅनस कृमींना लेव्हामिसोल. तांब्याचे औषध समुद्री माशांना वाचवते, पण त्याच टाकीतली कोळंबी आणि गोगलगायी मारते. फॉर्मॅलिन पाण्यातला प्राणवायू कमी करते, तेव्हा हवेचा पंप जोरात चालू ठेवावा. फिल्टरमधला कोळसा औषध शोषून घेतो, म्हणून तो आधी काढावा.

प्रतिबंधाला मात्र फारशी विद्या लागत नाही. नवा मासा दोन ते चार आठवडे वेगळ्या टाकीत ठेवायचा, तिची जाळी आणि नळी मुख्य टाकीत घालायची नाही, दुकानातले पाणी ओतायचे नाही. हे न पाळता औषधांवर केलेला खर्च पाहून मला नेहमीच हळहळ वाटते.

नव्या अभ्यासकासाठी इथे काम भरपूर आहे. इकमधून वाचलेल्या माशाला पुढे त्याच परजीवीविरुद्ध प्रतिकारशक्ती येते, हे प्रयोगांनी दाखवले आहे. टाकीवाल्याला दुकानात विकत मिळेल अशी लस अजून व्हायची आहे.