बोर्डावर 60, गाडी 66ला: चलन येतं का?

समजा, बोईसरहून चिल्हार फाट्याकडे निघालात. बोर्डावर 60, तुमची कार 66ला. एवढ्याशासाठी दंड होतो?

होऊ शकतो. मोटार वाहन कायद्याच्या कलम 183 मध्ये दंड ठरतो तो गाडीच्या प्रकारावर, मर्यादा किती ओलांडली त्यावर नाही. 2019च्या दुरुस्तीनंतर कारला 1000 ते 2000 रुपये. तारापूर एमआयडीसीत ये-जा करणाऱ्या मोठ्या ट्रक-टँकरना 2000 ते 4000. सहाने जास्त काय नि तीसने काय, कलम तेच. पुन्हा सापडलात तर लायसन्सही जप्त होऊ शकतं.

पण 'गाडी जोरात होती' असं एकट्या पोलिसाने नुसत्या अंदाजाने सांगून गुन्हा सिद्ध होत नाही, हेही त्याच कलमात आहे. वेग यंत्राने मोजलेला हवा. म्हणून स्पीडगनवाली इंटरसेप्टर गाडी किंवा कॅमेरा.

कॅमेऱ्याच्या चलनात फोटो, यंत्राने मोजलेला वेग, तारीख, वेळ आणि ठिकाण हवं. पैसे भरण्याआधी ते बघा. चलनाचा मेसेज गाडीच्या नोंदणीतल्या मोबाईलवर जातो. तिथे जुना नंबर असेल तर दंड साचत राहतो आणि मालकाला पत्ताच नसतो.