दिनविशेष : ९ डिसेंबर १८८४ – मुंबई महापालिका मुख्यालयाची पायाभरणी

कर्जत-खोपोलीहून लोकल पकडून मुंबई गाठणाऱ्या आपल्या माणसाला छत्रपती शिवाजी महाराज टर्मिनसबाहेर पाऊल ठेवताच समोर दिसते ती महापालिकेची भव्य दगडी इमारत. तिची पायाभरणी आजच्याच दिवशी व्हाइसरॉय लॉर्ड रिपन यांच्या हस्ते झाली. १८८२ च्या ठरावाने स्थानिक स्वराज्य संस्थांना बळ देणाऱ्या रिपन यांनी नगराच्या कारभाराचे हे घर उभारण्याचा मुहूर्त करावा, हा योग अर्थपूर्ण आहे.

आराखड्यासाठी रॉबर्ट चिझम आणि फ्रेडरिक विल्यम स्टीव्हन्स यांच्या कल्पना पुढे आल्या. निवड झाली ती स्टीव्हन्स यांची. समोरचे रेल्वे स्थानकही त्यांच्याच प्रतिभेचे लेणे. प्रत्यक्ष बांधकाम १८८९ मध्ये सुरू होऊन १८९३ मध्ये पूर्ण झाले. व्हेनिसच्या गॉथिक धाटणीच्या टोकदार कमानींना येथे भारतीय वळणाच्या घुमटांची जोड मिळाली. सुमारे २५५ फूट उंचीचा मनोरा दुरूनही नजरेत भरतो. दर्शनी भागावर ‘भारतातील अग्रगण्य नगरी’ या अर्थाचे लॅटिन बिरुद मिरवणारी पंखधारी मूर्ती आहे.

समोर सर फिरोजशहा मेहता यांचा पुतळा उभा आहे. मुंबईच्या नागरी कारभाराला आकार देणाऱ्या या नेत्याचे स्मरण तेथे शोभते. पुढच्या वेळी गाडीतून उतरल्यावर क्षणभर थांबून मान वर करावी. हा वारसा जपण्याची सुरुवात त्या पाहण्यातूनच होते.